तिथे डफ वाजत नव्हता

कोर्टाच्या पिंजऱ्यात उभी राहून मी एकदा सगळ्या कोर्टाला हसवलं, आणि ते हसू ओसरायच्या आत माझ्या सख्ख्या बहिणीची केस अर्धी बुडवून खाली उतरले. उतरताना पदर असा झटकला होता, जणू कुस्ती मारून आले. त्या वेळची मी आज हाती लागले तर कान धरून उभी करीन. पण ती बया कसली सापडते! ती तेव्हा तिशी ओलांडलेली, अंबाड्यात अबोली, आणि आपल्या जिभेवर बेहद्द खूष.

त्या जिभेचं मूळ आमच्या नदीत आहे. माझं माहेर एरंडोल तालुक्यात, नदीच्या अलीकडच्या काठावर. पलीकडच्या काठावर दुसरं गाव. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमच्या खान्देशात सासरी गेलेल्या लेकी माहेरी येतात, झाडाला झोके बांधतात, खापरावरच्या पुरणपोळ्या खातात. आमच्या दोन गावांत त्याच्या जोडीला आणखी एक खेळ होता. दुपार कलली की दोन्हीकडच्या बाया आपापल्या काठावर जमायच्या. मध्ये उन्हाळ्यातली कोरडी वाळू. डफ वाजायला लागला की दोन्हीकडून शिव्या सुरू. कुणाचं नाक, कुणाची चाल, कुणाच्या नवऱ्याचं घोरणं, काही शिल्लक ठेवायचं नाही. डफ थांबला की शिव्याही संपल्या. त्या अंगाला चिकटवून घ्यायच्या नाहीत, असा नियम होता.

आमच्या काठाची म्होरकी मी. लग्न होऊन धुळ्याला गेले, नवरा एसटीत कंडक्टर, तरी दर आखाजीला मी हजर. मी नाही आले तर आमच्या बाया म्हणायच्या, यंदा सण अळणी गेला. मी वर्षभर धुळ्यात भांडी घासताना नव्या शिव्या जुळवून ठेवायची. पलीकडे एक मळेवाली काकू होती. मूल नव्हतं तिला. तिच्यासाठी मी एक खास तयार केली होती: "मळ्यात एक विहीर, घरात एक विहीर; मळ्यातलीला तरी पाणी लागलं!" दोन्ही काठ लोटपोट व्हायचे. काकूही हसायची. निदान मला तसं वाटायचं.

धाकटीचं लग्न पलीकडच्याच गावात झालं तेव्हा आई म्हणाली, वाळू तुडवली की माहेर, नशीबवान आहे पोरगी. सासरी केळीचा नवा बाग लावायचा होता आणि विहिरीवर मोटार नव्हती. ती मोटार आमच्या वडिलांनी बसवून द्यावी, असं लग्नानंतर हळूहळू बोलणं निघालं. वडिलांना ते झेपणारं नव्हतं. मग बोलणं हळू राहिलं नाही. सासूने धाकटीला विहिरीवर उभं केलं. केळीच्या रोपांना ती पोहऱ्याने पाणी ओढून घालायची, आणि तेही भर दुपारी. सासू निंबाखाली बाजेवर बसून सुपारी कातरायची. "बाप मोटार पाठवील तोवर तूच आमची मोटार," असं म्हणायची. नवरा ऐकायचा आणि बैलांना पाणी दाखवायला निघून जायचा.

हे आम्हाला कळलं ते एका आखाजीला, तिला माहेरी धाडलं नाही तेव्हा. दोन गावांतल्या सगळ्या लेकी झोक्यावर, आणि आमची एकटी पलीकडे विहिरीवर. मी काठावर गेले आणि त्या दिवशी सगळी ताकद तिच्या सासूवर लावली. सासूही काही कमी नव्हती. तिने डफाच्या तालावर कमरेवर हात ठेवून ओरडून सांगितलं, "मोटार धाड, मंग पोरगी ने!" पलीकडचा काठ हसला. मी त्याहून जोरात काहीतरी ओरडले, आणि माझा काठ हसला. तेव्हाच वाळू ओलांडून बहिणीचा हात धरून तिला घेऊन यायला हवं होतं. पण नाही. मला शेवटचा शब्द माझा हवा होता.

पुढे काही दिवसांनी धाकटी स्वतःच वाळू तुडवत आली. अनवाणी. दोराचा एक तुकडा अजून तिच्या हातात होता, कारण बोटं उघडत नव्हती. आईने कोमट पाण्यात हात बुडवून एकेक बोट सोडवलं. मी ते पाहिलं, आणि माझ्या पोटात जे पेटलं ते अजून विझलेलं नाही. म्हणून आधीच सांगून ठेवते: इथे मी क्षमेचं वगैरे काही सांगणार नाही. मला ती म्हातारी सासू पिंजऱ्यात बघायची होती.

वडिलांनी फिर्याद दिली. बायकोला सासरी छळण्याचं ते कलम तेव्हा नवंच होतं. पोलिसांनी जबाब घेतले, सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरने तळहातांच्या जखमा लिहून दिल्या. आम्हाला वाटलं, झालं. हात दिसतात, डॉक्टर सांगतो, अजून काय पाहिजे? मग तारखा सुरू झाल्या. दर तारखेला मी धुळ्याहून एसटीने यायची, वडील गावाहून, आणि पुकारा होऊन पुढची तारीख मिळायची. दूधवाला, ज्याने पोलिसांना सगळं सांगितलं होतं, तो पिंजऱ्यात म्हणाला, "मला काहीच माहीत नाही, मी म्हशींकडे बघतो." फितूर. दुसरा शेजारीही फितूर. ते त्याच गावात राहणार होते. त्यांना म्हातारीशी वैर नको होतं.

डॉक्टरला सासूकडच्या वकिलाने एवढंच विचारलं, "शेतकऱ्याच्या घरची सून आहे. पाणी ओढून, विळा धरून असे फोड येतात ना?" डॉक्टर म्हणाला, येतात.

मग माझा नंबर. मी इरकली नेसून गेले होते. साक्ष द्यायला इरकली!

त्यांचे वकील वयस्क, पांढरी मिशी, बोलणं मधासारखं. म्हणाले, "अक्का, धुळ्याहून आलात? प्रवासाचा त्रास झाला असेल."

"आमचे हे एसटीतच आहेत. त्रास कसला."

"मोटारीची मागणी तुम्ही तुमच्या कानांनी कधी ऐकली?"

"आखाजीला. नदीवर. हिनं," मी बोट दाखवलं, "दोन गावांसमोर सांगितलं, मोटार पाठवा नि पोरगी न्या."

"त्याच्या आधी तुम्ही काही बोलला होतात?"

"बोलणारच."

"काय बोललात? तुमची आठवण फार पक्की आहे असं ऐकलंय."

आता बघा, शहाण्या बाईला इथे धोका कळला असता. मला कौतुक वाटलं.

"म्हटलं, हिचं तोंड दिसलं की म्हशी दूध चोरतात."

मागे बसलेली माणसं हसली. वकील म्हणाले, "आणखी?"

"त्यांच्या सरपंचाच्या मिशीत उंदरी बाळंत झाली म्हणाले."

आता मोठा हशा. न्यायाधीशांनी मान खाली घातली, पण खांदे हलत होते. दारातला शिपाईसुद्धा तोंडावर हात धरून उभा. मला तर नदीचा काठच आठवला.

"झाली होती का?" वकिलांनी विचारलं.

"काय?"

"बाळंत."

आणि मी हात उडवून म्हणाले, "अहो वकीलसाहेब, शिव्या कुठे खऱ्या असतात! आखाजीला नदीवर बोललेलं खरं धरायचं, तर दोन्ही गावांना उद्या परागंदा व्हावं लागेल!"

कोर्ट हसलं. वकीलही हसले. मग हसू पुसून न्यायाधीशांकडे वळले आणि म्हणाले, "साहेब, साक्षीदाराचे हे शब्द जसेच्या तसे घ्यावेत." टंकलेखकाने ते घेतले. टकटक मला छान ऐकू येत होती. पण ती कशाची टकटक आहे, ते कळलं नाही.

बाहेर आल्यावर सरकारी वकिलांनी मला व्हरांड्यात गाठलं. तरुण होते, चिडले होते. म्हणाले, "बाई, हातावरचे फोड आपण सिद्ध केले. फोड मोटारीसाठी आले, हे सिद्ध करायचंय. त्यासाठी तुमचं एकच वाक्य होतं माझ्याकडे, सासूचं नदीवरचं. आणि नदीवरचं सगळं खोटं असतं, हे तुम्हीच सांगून आलात."

मी म्हणाले, "पण मी तर शिव्यांबद्दल म्हणाले."

"तेच तर," ते म्हणाले.

एसटीत धाकटी खिडकीशी बसली होती. स्टँड मागे पडला. मग म्हणाली, "अक्का, लोक खूप हसले ना गं." रागावून नाही, नुसतंच. मी अबोली केसातून काढून खिडकीबाहेर टाकली. असले नाटकी प्रकार मी तेव्हा करायची. फुलं टाकून काय होणार होतं?

यादीत आता एकच साक्षीदार उरली होती, ती मळेवाली काकू. तिचा मळा सासूच्या मळ्याला लागून. पोलिसांना तिने जबाब दिला होता, पण समन्स जाऊनही ती आली नव्हती. सरकारी वकील म्हणाले, "ती आली तरी फितूरच होईल. सोडून देतो." मी म्हणाले, "सोडू नका. पुढची तारीख घ्या." पुढची तारीख उन्हाळ्याच्या सुट्टीनंतरची मिळाली.

मग मी वाळू ओलांडली. शिव्या द्यायला नव्हे, पाय धरायला. जन्मात पहिल्यांदा.

काकू अंगणात खाटेवर ज्वारीच्या बिबड्या, आमच्याकडचे पापड, वाळत घालत होती. मला बघून तिने हात थांबवला नाही. "कोन व माय? आखाजीनी वाघीण?" म्हणाली. "बैस. कावळे हाक."

मी बसले आणि तिच्या बिबड्यांवरचे कावळे हाकू लागले. खाट भरत आली. शेवटी मीच म्हणाले, "काकू, कोर्टाचं..."

"बठ्ठं ऐकेल शे मी. तू कोर्टमा बठ्ठासले हसाडं म्हनतस."

मी सगळ्यांना हसवलं, हे पलीकडच्या काठापर्यंत पोचलं होतं. म्हटलं, "तुम्ही दुपारी बघत होतात. तुम्ही ऐकलंय ती काय म्हणायची. या ना. माझ्या बहिणीचे हात तुम्ही बघितलेत."

"देखेल शेतस." तिने ओल्या हाताने एक बिबडी नीट केली. "अन् मना पोटले तू काय म्हनस, तेबी ऐकेल शे. दर साल."

मी म्हणाले, "डफाच्या बोलण्याला कुणी धरतं का, काकू?" नियम सांगत होते तिला! नियम!

ती पहिल्यांदा माझ्याकडे वळून बघत म्हणाली, "तू धरत नही. मी घर ईसन धरस."

घरी येऊन, म्हणजे डफ थांबल्यावर. आणि मग तिने अट सांगितली. साक्षीला येईन म्हणाली, पण त्याआधी येत्या आखाजीला मी काठावर उभं राहायचं, तिने बोलायचं, मी ऐकायचं. "तोंड उघाडं, का मनी साक्ष संपनी," म्हणाली. एक शब्द उलटून बोलले, तर ती कोर्टाची पायरी चढणार नव्हती.

घरी जाताना मी स्वतःशी म्हणाले, एवढंच ना? त्यात काय! मूर्ख. गप्प बसण्यातलं मला काय ठाऊक?

आखाजी आली. दोन्ही काठ भरले. आमच्या बायांनी मला पुढे ढकललं, "अक्का, यंदा म्हातारीला सोडू नको." डफ वाजला. पलीकडून काकू पुढे आली, साडी खोचली, आणि सुरू झाली. माझ्या नवऱ्याची घंटी, माझं नाक, माझी इरकली. तोवर ठीक होतं. मग ती माझ्या जिभेवर आली. धुळ्याची तलवार कोर्टात गेली आणि आपल्याच बहिणीची मान कापून आली, असं ती म्हणाली. पलीकडचा काठ हसला, आणि थोडे आमच्याकडचेही हसले. माझ्या तोंडात तिला द्यायला उत्तर तयार होतं, वर्षभर घासून ठेवलेलं. मी पदराचं टोक दातांत धरलं. आमच्या बाया मागून टोचत होत्या, "बोल की! काय झालंय तुला?" त्यांना सांगता येत नव्हतं. धाकटी माझ्या मागे उभी होती. तिलाही मी सांगितलं नव्हतं.

आणि म्हातारी! जामिनावर सुटलेली आरोपी, पण तिची ती आखाजी सोन्याची झाली. हात वर करून ओरडली, "जीभ सुकनी का व, धुळ्यानी?" तिला वाटलं, मी हरले. मी तिच्याकडे बघत राहिले. मनात म्हणत होते, हस. पोटभर हस. तुझ्या या हसण्याचं मी जून महिन्यात पाणी करीन. पदराला दातांनी भोक पडलं. ती साडी मी ठेवली आहे. नाती विचारतात, आजी, उंदराने खाल्ली का? मी म्हणते, हो, त्याच उंदरीने.

सुट्टी संपली, तारीख आली. काकू आली. नऊवारी धुतलेली, कपाळावर मोठं कुंकू, पायांत वहाणा. तिला बघून म्हातारी मुलाच्या कानात काहीतरी बोलली आणि मुलगा हसला. त्यांना ती आपलीच बाई वाटत होती.

काकूने सांगितलं. दुपार, विहीर, दोर, पोरीचे हात, निंबाखालची बाज. आणि म्हातारीचे शब्द, जसेच्या तसे. म्हातारीचा सुपारी चघळणारा जबडा थांबला. मी ते बघितलं. अजून डोळे मिटले की बघते.

मग पांढऱ्या मिशीचे वकील उठले. तोच मध. "काकू, त्या सुनेची धुळ्याची बहीण तुमची मैत्रीण का?"

"मैत्रीण?" काकू म्हणाली. "ती माले दर साल दोन गावसमा वांझ म्हनस."

कोर्टात कुणी हसलं नाही. मला भिंतीत शिरावंसं वाटलं. वकिलांना मात्र आनंद झाला. "म्हणजे वैर आहे तुमचं?"

"शेच."

"मग तिच्या बाजूने साक्ष का देता?"

"तिना बाजूनी कोन देस? तिना साठे खोटं बोलाले मी काय येडी शे?"

न्यायाधीशांनी लिहिता लिहिता वर बघितलं. मला माझं सगळं आयुष्य त्या एका प्रश्नात उलटं होताना दिसलं. ज्या शिवीची मला लाज वाटायला हवी होती, तीच तिच्या खरेपणाची खूण ठरली होती. वकिलांनाही ते कळलं असावं, कारण ते घाईने आपल्या आवडत्या जागी परत आले. "मोटारीचं बोलणं तुम्ही आखाजीलाच ऐकलं ना? नदीवर? जिथे सगळ्या खोट्याच गोष्टी बोलतात?"

काकू त्यांच्याशी बोललीच नाही. न्यायाधीशांकडे तोंड करून म्हणाली, "साहेब, आखाजी एक दिन ऱ्हास. मी पुरा उन्हाळाभर ऐकं. तिठे नदी नव्हती, लोके नव्हतात. तिठे डफ वाजत नव्हता."

न्यायाधीश खान्देशातलेच असावेत. त्यांनी कुणाला अर्थ विचारला नाही. स्वतःच प्रमाण मराठीत सांगितलं, आणि टंकलेखकाने ते घेतलं. या वेळची टकटक कशाची आहे, ते मला नीट कळलं.

निकालाच्या दिवशी सासू आणि नवरा, दोघेही दोषी ठरले. शिक्षा ऐकल्यावर म्हातारीचा घसा कोरडा पडला. ती व्हरांड्यात भिंतीला टेकून बसली आणि पाणी, पाणी करू लागली. माठ माझ्या शेजारी होता. मी ग्लास घेतला, काठोकाठ भरला, तिच्यासमोर उभी राहिले आणि एकेक घोट करत स्वतः प्यायले. शेवटचा थेंबही नाही सोडला. मग ग्लास उपडा ठेवला. वडील म्हणाले, "अगं, असं करू नये." मी म्हणाले, "नाना, हे पाणी कुणी ओढून दिलेलं नाही." त्यांनी तोंड फिरवलं. माझी नातवंडं ही गोष्ट ऐकली की म्हणतात, आजी, तू वाईट आहेस. आहे. पुढे अपील झालं, जामीन झाला, शिक्षाही कमी झाली. ते सगळं होतंच. पण म्हातारी त्यानंतर एकाही आखाजीला काठावर आली नाही, आणि त्या ग्लासभर पाण्याची चव कुणी अपिलात कमी केली नाही.

धाकटी पुढे भुसावळला गेली, नोकरी धरली. तिच्या तळहातांवर अजून दोन पुसट रेघा आहेत. नळ सोडताना ती थोडं हसते, असं मला उगाच वाटतं.

पण मला सांगायचंय ते निकालाच्या दिवसाचं शेवटचं. निकाल ऐकायला आलेली काकू कोर्टाच्या आवाराबाहेर गाडीची वाट बघत निंबाखाली बसली होती. मी तिच्यापुढे गेले आणि वाकून पाय धरले. म्हटलं, काकू, ती शिवी मी पुन्हा कधी देणार नाही. कोणतीच देणार नाही. आता मी नदीवर तोंडच उघडणार नाही. माझ्या आवाजात रडू होतं. काकूने पाय ओढून घेतले, माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं, आणि म्हणाली:

"ती एक सोडी दे. बाकी बठ्ठ्या आन. येत्या आखाजीले तोंड उघडजो, माय. मुकी बाईले शिव्या देवामा काहीच मजा नही."